मास्टर विठ्ठल : ‘आलम आरा’च्या आधीचा नायक

खेतवाडीकर

‘आलम आरा’ या आपल्याकडच्या पहिल्या बोलपटाचा विषय निघाला की दिग्दर्शक अर्देशीर इराणी यांचे नाव निघते, नायिका जुबेदाचे निघते, पुढे मोठे झाले म्हणून पृथ्वीराज कपूर यांचेही निघते. त्या चित्रपटाचा नायक मात्र बहुतेक वेळा एका किश्श्यापुरताच आठवला जातो. किस्सा असा, की नायकाची हिंदी-उर्दू फार कच्ची होती, त्याच्या तोंडी लांब संवाद देणे धोक्याचे वाटले आणि म्हणून त्याची भूमिका अर्धवट गुंगीतल्या माणसासारखी रंगवण्यात आली. पहिल्या बोलपटाचा न बोलणारा नायक, असे म्हणून लोक हसतात आणि विषय संपतो. हा नायक म्हणजे कोल्हापूरहून मुंबईत आलेले मास्टर विठ्ठल. या धाग्यात मला त्या किश्श्याच्या आधीचे, म्हणजे साधारण १९२४ ते १९३१ या काळातले विठ्ठल मांडायचे आहेत. ‘आलम आरा’ ही त्यांची सुरुवात नव्हती. त्याआधीच ते नायक म्हणून घडलेले, गाजलेले होते आणि त्या प्रसिद्धीच्याच जोरावर त्यांना तो चित्रपट मिळाला होता, असे माझे म्हणणे आहे.

विठ्ठल यांचे बालपण रंगभूमीवर गेले. राजापूरकर नाटक मंडळीत बालनट म्हणून कामे केल्यानंतर ते कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत दाखल झाले. तेथे त्यांचे पहिले काम कॅमेऱ्यासमोरचे नव्हते, संकलनाचे होते. त्या काळी संकलनाला आजच्यासारखी यंत्रे नव्हती. फीत हातात घेऊन उजेडासमोर धरायची, चौकटी नजरेने न्याहाळायच्या, कात्रीने कापायचे आणि तुकड्याला तुकडा चिकटवायचा, असा तो व्यवहार होता. अशा टेबलावर बसलेल्या तरुणाला हे फार लवकर कळत असणार, की पडद्यावरची उडी पायांनी जितकी मारलेली असते तितकीच ती कात्रीनेही साधलेली असते. पुढे ज्या नटाची सगळी ख्याती उड्या, तलवारबाजी आणि पाठलाग यांवर उभी राहिली, त्याचे चित्रपटातले पहिले शिक्षण या टेबलावर झाले होते, ही बाब मला त्यांच्या चरित्रात सर्वांत मोलाची वाटते आणि तिच्याबद्दलच सर्वांत कमी लिहिले जाते.

कंपनीही साधी नव्हती. १९२० च्या ‘सैरंध्री’ने तिचे नाव झाले होते, १९२३ च्या ‘सिंहगड’मध्ये कृत्रिम प्रकाश वापरून रात्रीची दृश्ये चित्रित झाली होती, आणि व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल ही पुढची ‘प्रभात फिल्म कंपनी’ची मंडळी तेथेच पडेल ते काम करत शिकत होती. नटाने फक्त अभिनय करायचा, ही चैन तेथे नव्हती. १९२४ च्या ‘कल्याण खजिना’मध्ये विठ्ठल प्रथम पडद्यावर आले ते एका नर्तकीच्या भूमिकेत. येथे काही जण घाईने म्हणतात की त्या काळी स्त्रिया मिळत नसत म्हणून पुरुषाला उभे केले असेल. ते तसे नसावे, कारण पेंटर यांनी ‘सैरंध्री’तच स्त्रियांकडून स्त्रीभूमिका करून घेतल्या होत्या. मुलगा नाटकातून आलेला, शरीर लवचीक, ताल अंगात भिनलेला. हे पाहून भूमिका दिली असावी असे मला वाटते.

त्यानंतर मुंबई. नानुभाई देसाई यांच्या पुढाकाराने १९२५ मध्ये शारदा फिल्म कंपनी सुरू झाली आणि १९२६ च्या ‘रतन मंजिरी’पासून विठ्ठल तिचे नायक झाले. शारदाची ओळखच पुढे विठ्ठल यांच्या मारधाडपटांनी ठरली. जेबुन्निसा अनेकदा त्यांची नायिका असे. हॉलिवूडचा मारधाड-नट डग्लस फेअरबँक्स याचा ‘थीफ ऑफ बगदाद’ त्याच सुमारास आपल्याकडे तुफान चालला होता. चित्रपटांची चौकशी करणाऱ्या १९२७-२८ च्या सरकारी रंगाचारियार समितीसमोरही त्या चित्रपटाच्या लोकप्रियतेची चर्चा झाली. विठ्ठल यांना ‘भारताचा डग्लस फेअरबँक्स’ म्हटले जाऊ लागले ते या वातावरणात. ही उपमा मला थोडी अन्यायकारक वाटते, कारण फेअरबँक्सच्या पाठीशी हॉलिवूडचे प्रचंड सेट आणि पैसा होता, तर शारदासारख्या कंपनीत एकामागून एक चित्रपट झपाट्याने पुरे करायचे असत आणि डोळे दिपवण्याचे बहुतेक काम नटाच्या शरीरालाच करावे लागे. तरीही त्या काळच्या सर्वाधिक पगार घेणाऱ्या नटांत त्यांची गणना होत होती.

आता मुख्य मुद्दा. मूकपटात संवाद आणि कथा सांगणाऱ्या लिखित पाट्या असत, आणि एकाच चित्रपटात त्या दोन-तीन किंवा चार लिप्यांतही असत. ज्याला वाचता येई तो शेजाऱ्यासाठी मोठ्याने वाची. पडद्याजवळ पेटी-तबला वाजत असे. या सगळ्या गलक्यात नायकाचा स्वतःचा आवाज कोठेच नव्हता आणि त्याची कोणाला उणीवही भासत नव्हती. कोल्हापुरी वळणाची मराठी बोलणारा तरुण लाहोरच्या आणि कलकत्त्याच्या प्रेक्षकाचाही राजपुत्र होऊ शकत होता. अर्देशीर इराणी यांनी पहिल्या बोलपटासाठी नायक शोधला तेव्हा मेहबूब खान यांचेही नाव विचारात होते. पण मेहबूब तेव्हा इराणी यांच्या इंपीरियल फिल्म कंपनीतले अगदी दुय्यम नट होते आणि विठ्ठल हे तिकीटबारीवर सिद्ध झालेले नाव होते. इराणी यांनी नाव विकत घेतले. जीभ विकत घेतली नव्हती. मग त्या जिभेबद्दल आपण नव्वद वर्षे नायकालाच का हसतो, हा माझा प्रश्न आहे.

तिसरी घंटा

लेख आवडला, पण एक मूलभूत हरकत नोंदवतो. विठ्ठल यांच्या शारदा काळातल्या अभिनयाबद्दल आपण जे बोलता ते ऐकीव प्रसिद्धीवरून बोलता. भारतात सुमारे तेराशे मूकपट झाले आणि त्यांतले जेमतेम दोन-तीन डझन, तेही पुष्कळसे तुटक स्वरूपात, आज उरले आहेत. ‘आलम आरा’ची तर एकही प्रत नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातल्या २००३ च्या आगीत ती जळाली असे वाचायला मिळते, परंतु संग्रहालयाचे संस्थापक पी. के. नायर यांनी ती प्रत संग्रहालयाकडे कधी आलीच नव्हती हे स्पष्ट सांगितले होते. अशा स्थितीत ‘गुंगीतला नायक’ हा किस्सा जितका अप्रत्यक्ष आहे तितकीच ‘उत्तम मारधाड-नट’ ही थोरवीही अप्रत्यक्ष आहे. एकाला किस्सा म्हणायचे आणि दुसऱ्याला इतिहास, हे बरोबर नाही.

खेतवाडीकर

हरकत रास्त आहे, पण दोन्ही विधानांचे वजन सारखे नाही. नट चांगला होता की वाईट, हे चित्रपट पाहिल्याशिवाय ठरवता येणार नाही आणि मी ते ठरवलेलेही नाही. तो कोणत्या प्रकारच्या भूमिका करत होता, कोणत्या कंपनीने त्याला सतत नायक म्हणून घेतले आणि त्याच्या नावावर चित्रपट विकले जात होते का, हे मात्र चित्रपट नसतानाही कळू शकते. मी युक्तिवाद केला आहे तो याच आधारावर.

त्या प्रकारचा मूकपट कसा दिसत असे हे ज्यांना पाहायचे असेल त्यांनी १९३१ चा ‘दिलेर जिगर’ पाहावा. त्यात विठ्ठल नाहीत. नायक हमीर आणि नायिका ललिता पवार आहेत, आणि तो पुण्यात तयार झालेला आहे. पण तो उरलेला आहे, आणि मुखवटा घालून केलेल्या लढाया, गच्चीवरून मारलेल्या उड्या, दुष्ट राजा आणि हरवलेला राजपुत्र हा सगळा ऐवज त्यात आहे. ललिताबाईंना ज्यांनी केवळ खाष्ट सासू म्हणून पाहिले आहे त्यांना तर तो पाहताना मोठाच धक्का बसेल.

रंकाळ्याची लेक, हल्ली बोरिवली

खेतवाडीकर दादा, कोल्हापूरचा एक धागा आपल्या लेखात राहून गेला आहे असे मला वाटते. विठ्ठल ज्या गावातून आले ते शाहू महाराजांचे कोल्हापूर होते. महाराजांनी उभारलेले खासबाग मैदान १९१२ मध्ये तयार झाले होते आणि पेठापेठांतून तालमी होत्या. मुलगा कुस्तीगीर झाला नाही तरी जोर, बैठका, लाठी, दांडपट्टा हे त्याच्या आसपास रोज चाललेले असे. मुंबईच्या स्टुडिओंना मारधाडपटासाठी अशी तयार शरीरे हवी होती. मद्रासकडून आलेले राजा सँडो हेसुद्धा पैलवानी शरीराच्या बळावरच त्याच काळात मुंबईच्या मूकपटांत नायक झाले, म्हणजे ही एकट्या विठ्ठल यांची कथा नाही.

आणखी एक. महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती तानीबाई कागलकर या गायिकेच्या आर्थिक मदतीने. कोल्हापुरात त्या काळी गाणे, नाटक, चित्रकला, कुस्ती आणि सिनेमा या गोष्टी एकमेकींच्या वाड्यांत ये-जा करत होत्या. नाटकातला मुलगा संकलनाच्या टेबलावर बसतो, तेथून उठून नर्तकी होतो आणि मुंबईत जाऊन तलवार हाती घेतो, हे मुंबईकराला विचित्र वाटेल. कोल्हापूरच्या माणसाला त्यात नवल वाटणार नाही.

काळा डगला

विठ्ठल यांच्या करारभंगाच्या खटल्याचा उल्लेख कोणीच केलेला नाही याचे आश्चर्य वाटले. ‘आलम आरा’साठी ते इंपीरियलकडे गेले तेव्हा शारदा कंपनीशी त्यांचा करार चालू होता, कंपनी न्यायालयात गेली आणि विठ्ठल यांच्या बाजूने बॅरिस्टर महंमद अली जिना उभे राहिले व जिंकले, असे चित्रपटविषयक लेखनात सर्वत्र आढळते. किस्सा आकर्षक आहे, म्हणूनच तो तारखांना लावून पाहावा. पहिली गोलमेज परिषद लंडनमध्ये १२ नोव्हेंबर १९३० रोजी सुरू झाली, जिना तिला हजर होते आणि त्यानंतर त्यांनी लंडनमध्येच वकिली थाटली. म्हणजे हा खटला जिनांनी मुंबईत चालवला असेल तर तो १९३० च्या शरदाच्या आधी चालला असला पाहिजे. इराणी यांनी ‘शो बोट’ हा अर्धामुर्धा बोलणारा अमेरिकन चित्रपट मुंबईच्या एक्सेलसियरमध्ये पाहून बोलपटाचा ध्यास घेतला, आणि मग काही महिने शक्य तितक्या गुप्तपणे काम चालले. त्यामुळे हा काळ जुळण्यासारखा आहे.

कायद्याच्या बाजूने पाहिले तर प्रकरण अधिक रंजक होते. तेव्हा १८७७ चा विशिष्ट अनुतोष कायदा (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) लागू होता. त्यानुसार व्यक्तिगत कौशल्याच्या कामाचा करार न्यायालय बळाने पुरा करून घेत नाही. ‘तू शारदासाठीच तलवार चालव’ असा हुकूम न्यायाधीश देऊ शकत नव्हते. पण करारात ‘दुसऱ्या कोणाकडे काम करणार नाही’ अशी अट असेल, तर त्या अटीपुरता मनाई हुकूम देता येत होता, आणि कायद्यातच याचे उदाहरण म्हणून नाट्यगृहात गाणाऱ्या कलावंताचा करार दिलेला आहे. म्हणजे विठ्ठल यांना शारदाकडे परत नेणे अशक्य होते, परंतु इंपीरियलकडे जाण्यापासून रोखणे शक्य होते, आणि तसे झाले असते तर पहिल्या बोलपटाचा नायक दुसराच कोणी असता. ज्या नटासाठी दोन कंपन्या न्यायालयापर्यंत जातात, त्याची बाजारातली किंमत वेगळी सिद्ध करावी लागत नाही. ‘तिसरी घंटा’ यांच्या हरकतीला माझ्याकडून एवढे उत्तर पुरे.

ध्वनिमुद्रक, निवृत्त

मी पुष्कळ वर्षे या शहरातल्या स्टुडिओंत ध्वनिमुद्रणाचे काम केले, त्यामुळे या धाग्यात थोडे सविस्तर लिहितो. सगळी चर्चा विठ्ठल यांच्या जिभेभोवती फिरते आहे. माझ्या मते बोलपटाने त्यांच्याकडून प्रथम काढून घेतला तो त्यांचा वेग.

मूकपटाचा कॅमेरा हाताने फिरवला जात असे. साधारणपणे सेकंदाला सोळा चौकटींच्या आसपास चित्रण होई, पण तो आकडा छायाचित्रकाराच्या मनगटावर अवलंबून होता. लढाई असली की हँडल मुद्दाम सावकाश फिरवायचे. मग पडद्यावर तीच लढाई दुप्पट चपळ दिसे. मारधाडपटाचा निम्मा थरार या मनगटात होता. आवाज आला आणि सेकंदाला चोवीस चौकटी हा वेग मोटारीने कायमचा बांधला गेला, कारण फितीचा वेग बदलला की आवाजाचा सूर बदलतो. ज्या नटाने पाच-सहा वर्षे आपल्या हालचाली हाताने फिरणाऱ्या कॅमेऱ्याला जुळवून घेतल्या होत्या, तो एका दिवसात स्वतःच्या खऱ्या वेगाने दिसू लागला.

दुसरी गोष्ट संकलनाची. ‘आलम आरा’ तानार या पद्धतीने मुद्रित झाला. यात आवाज आणि चित्र एकाच फितीवर, एकाच वेळी उमटत असत, पण आवाज त्याच्या चित्राच्या नेमका शेजारी नसे. तो थोड्या अंतरावर असे. त्यामुळे चित्राच्या सोयीने फीत कापली की आवाज तुटायचा आणि आवाजाच्या सोयीने कापली की चित्र बिघडायचे. म्हणजे विठ्ठल यांनी कोल्हापूरला शिकलेली कात्रीही त्यांच्या हातातून गेली. दृश्ये लांबलचक, स्थिर, सलग चित्रित करण्याला पर्याय नव्हता.

तिसरी गोष्ट जागेची. इंपीरियलचा स्टुडिओ केनेडी पुलाजवळ होता आणि शेजारून लोहमार्ग जात होता. ध्वनिरोधक सेट नव्हता. म्हणून गाड्या थांबल्यावर, रात्री एक ते चारच्या सुमारास बरेचसे काम होई. ध्वनिक्षेपक नटांच्या आसपास कोठेतरी लपवलेला असे आणि नटाने त्याच्यापासून फार दूर जायचे नसे. वादकही आडोशाला बसून वाजवत, कारण पार्श्वगायन नव्हते. ते आपल्याकडे रूढ होऊ लागले १९३५ च्या ‘धूप छाँव’नंतर. आता कल्पना करा. मध्यरात्रीनंतरची वेळ, अंगावर भडक दिवे, लपवलेल्या ध्वनिक्षेपकापासून दोन पावले दूर गेले तरी आवाज गेला, आणि ज्याने आयुष्यभर गच्चीवरून उड्या मारल्या त्याला सांगितले जाते की हलू नका. या परिस्थितीत कोणताही मारधाड-नट गुंगीतच दिसला असता! त्या चित्रपटाच्या जाहिरातीत ‘अठ्ठ्याहत्तर मेलेली माणसे जिवंत झाली, त्यांना बोलताना पाहा’ अशा अर्थाची ओळ होती. सर्वांत चपळ माणसालाच तेवढे त्यांनी निजवून ठेवले.

तिसरी घंटा

ध्वनिमुद्रक महोदयांचे आभार. माझी हरकत यामुळे पुष्कळ सौम्य झाली. तरी भाषेचा मुद्दा पूर्ण बाजूला सारू नये. ‘आलम आरा’ हे जोसेफ डेव्हिड यांचे पारशी रंगभूमीवरचे नाटक होते. त्या रंगभूमीचे संवाद उर्दूच्या ठसक्याचे, यमकाचे, आणि मागच्या रांगेपर्यंत फेकायचे. पृथ्वीराज कपूर पेशावरच्या बाजूने आलेले, नाटकाची सवय असलेले. त्यांना ते साधले. विठ्ठल हेही नाटकातूनच आले होते, हे येथे लक्षात घेतले पाहिजे. म्हणजे रंगमंचावर बोलणे त्यांना परके नव्हते. परकी होती ती या विशिष्ट नाटकाची भाषा. ‘बोलता न येणारा नट’ आणि ‘उर्दू न येणारा मराठी नट’ ही दोन वेगळी माणसे आहेत आणि किश्श्याने त्यांची सरमिसळ केली, एवढे मी आता मान्य करतो.

शिवाजी मंदिरची पायरी

हेच पुढच्या चित्रपटांवरून दाखवता येते. ‘आलम आरा’नंतर अवघ्या दोन वर्षांनी, १९३३ मध्ये, विठ्ठल यांनी ‘आवारा शहजादा’ दिग्दर्शित केला. हाच चित्रपट मराठीत ‘आऊट घटकेचा राजा’ या नावाने आला. राजपुत्र आणि भिकारी अशी दुहेरी भूमिका शाहू मोडक यांनी केली आणि आपल्या बोलपटांतल्या दुहेरी भूमिकांच्या आरंभी तिचा उल्लेख होतो. एकाच नटाला पडद्यावर दोन ठिकाणी उभे करायचे म्हणजे चौकटीचा, कॅमेऱ्याचा आणि जोडकामाचा हिशेब पक्का हवा. संकलनाचे टेबल येथे पुन्हा कामाला आले असणार. शिवाय ज्या माणसाला संवाद कळत नाहीत असे आपण म्हणतो, त्याने दोन भाषांतला बोलपट दुसऱ्यांकडून बोलवून घेतला.

नट म्हणूनही ते थांबले नाहीत. भालजी पेंढारकर यांच्या १९३९ च्या ‘नेताजी पालकर’मध्ये ते होते, आणि तेथे मराठी भाषा व तलवार या दोन्ही गोष्टी त्यांच्या घरच्या होत्या. १९६९ मध्ये त्यांचे निधन झाले. म्हणजे मूकपटाच्या अखेरीनंतर ते जवळजवळ चार दशके हयात होते. मग हिंदीतले नायकपद का गेले? माझ्या मते त्याचे कारण गाण्यात अधिक आहे. पार्श्वगायन रूढ होईपर्यंत नायकाने स्वतः गायलाच हवे, अशी प्रेक्षकांची अपेक्षा झाली होती. मारधाडपट मेला नाही. वाडिया बंधूंनी तो चालू ठेवला आणि १९३५ च्या ‘हंटरवाली’ने मारधाडपटांची नायिका नादिया हिला घराघरांत पोहोचवले, पुढे भगवानदादांनीही कमी खर्चाचे असे पुष्कळ चित्रपट केले. पण बोलपटाच्या काळात त्याचा दर्जा उतरला. १९२८ मध्ये मारधाडपटाचा नायक हा चित्रपटसृष्टीचाच नायक होता. १९३५ मध्ये तो फक्त स्वस्त तिकिटाच्या प्रेक्षकांचा राहिला आणि अग्रपूजेचा मान गाणाऱ्याकडे गेला.

खेतवाडीकर

पायरीवरून आलेला हा प्रतिसाद मूळ लेखात जायला हवा होता इतका महत्त्वाचा आहे. त्याला एक पुरवणी जोडतो. डी. बिलिमोरिया आणि सुलोचना ही इंपीरियलची मूकपटांतली सर्वांत गाजलेली जोडी. १९२८ ची ‘अनारकली’ त्यांचीच. बोलपट आल्यावर सुलोचनाबाईंनी काही काळ थांबून हिंदुस्थानीचा अभ्यास केला आणि आपले जुने यशस्वी मूकपट बोलपट म्हणून पुन्हा केले. ती सवड त्यांना मिळाली. विठ्ठल यांना तशी उसंत मिळण्याचा प्रश्नच नव्हता, कारण प्रयोग त्यांच्यावरच झाला. आधी कोणी पडून दाखवलेले नव्हते, ज्यावरून त्यांनी सावध व्हावे. पहिल्या बोलपटाचा नायक होण्याची ही किंमत ‘आलम आरा’वरच्या लेखांत क्वचितच धरलेली असते.

ज्यांच्या घरी १९२६ ते १९३१ या काळातली मराठी किंवा गुजराती चित्रपट-नियतकालिके असतील, त्यांनी शारदाच्या जाहिराती तेवढ्या पाहाव्यात आणि चित्रपटाचे नाव, महिना व चित्रपटगृह येथे नोंदवावे, ही विनंती. विठ्ठल यांच्या शारदा काळातल्या चित्रपटांची क्रमवार यादी या धाग्यातच तयार करता येईल. सुरुवात ‘रतन मंजिरी’पासून धरू.

काळा डगला

आमच्या काकांच्या कपाटात गुजराती अंकांचे दोन गठ्ठे आहेत. रविवारी उघडून पाहतो.